इन्सब्रुकला जाण्याआधी काय वाचून जावं

गाइडबुक घ्या. कुठलंही चालेल, आवृत्ती ताजी असली म्हणजे झालं. बसचे नंबर आणि तिकिटांच्या वेळा एवढंच त्याचं काम, आणि तेही हल्ली फोनवर मिळतं. मुंबई-पुण्याहून निघणाऱ्या युरोप सहलींत वाटेन्स गावातल्या स्वारोव्स्की स्फटिकांना जोडून इन्सब्रुकचा, म्हणजे ऑस्ट्रियातल्या तिरोल प्रांताच्या राजधानीचा, धावता थांबा असतो. सोनेरी छपरासमोर फोटो काढतात आणि बस पुढं निघते. तेवढ्यासाठी काही वाचायची गरज नाही. पण तुम्ही तिथं मुक्काम करणार असाल, गाव समजून घ्यायचं मनात असेल, तर पुढची पुस्तकं निघायच्या दोन महिने आधीपासून हाताशी हवीत.

पहिली गोष्ट पुस्तकसुद्धा नाही, एक कागद आहे : ऑस्ट्रियावर राज्य केलेल्या हाब्सबुर्ग घराण्याची वंशावळ. मागच्या खेपेला माझी हीच राहिली होती. बाकीचं सगळं वाचून झालं होतं, तरी तिथल्या होफकिर्शे या चर्चमध्ये उभी राहिले आणि समोर कोण आहे तेच कळेना. म्हणून आधी वंशावळ.

कारण नीट सांगते. होफकिर्शे हे चर्च सम्राट मॅक्सिमिलियन पहिला याच्या स्मारकासाठी त्याचा नातू फर्डिनांड पहिला याने १५५३ ते १५६३ या काळात बांधलं. मधोमध संगमरवरी थडगं आहे, पण ते रिकामं. मॅक्सिमिलियन १५१९ साली वेल्स इथं वारला आणि व्हीनर नॉयश्टाटला पुरला गेला. या रिकाम्या थडग्याच्या दोन्ही बाजूंना माणसाहून मोठे २८ ब्राँझचे पुतळे उभे आहेत. बेत ४० पुतळ्यांचा होता. हे पुतळे संतांचे नाहीत आणि दरबाऱ्यांचेही नाहीत, हा त्याचा गोतावळा आहे. वडील फ्रेडरिक तिसरा, आजी किंबुर्गिस, बहीण कुनिगुंडे. पहिली बायको बरगंडीची मेरी, तिचे वडील शार्ल म्हणजे सासरे, आणि शार्लचे वडील फिलिप म्हणजे आजेसासरे. दुसरी बायको मिलानची बिआंका मारिया स्फोर्त्सा. मुलगा फिलिप, लेक मार्गारेट, सून हुआना, आणि हुआनाचे वडील अरागॉनचे फर्डिनांड, म्हणजे व्याही. २८ पैकी ८ स्त्रिया आहेत, आणि त्यांतल्या काहींच्या लग्नांनीच या घराण्याला राज्यं मिळवून दिली. १४७७ मध्ये मेरीशी लग्न झालं आणि बरगंडीचा वारसा घरात आला. १४९६ मध्ये फिलिप आणि हुआनाचं लग्न झालं आणि पुढं स्पेन आलं. हे नातं डोक्यात नसेल तर तुम्ही उत्तम ओतकाम पाहून बाहेर याल. असेल तर एका कुटुंबाने अर्धा युरोप कसा जोडला ते एका दालनात उभं राहून दिसेल.

या रांगेत राजा आर्थरही आहे, इटलीवर राज्य केलेला थिओडोरिकही आहे. हे दोन पुतळे १५१३ सालचे, न्यूर्नबर्गला पीटर फिशरच्या कारखान्यात ओतलेले. त्यांची रेखाटनं ड्यूररची मानतात. ते नातेवाईक कसे? मॅक्सिमिलियनने पदरी वंशावळकार ठेवले होते आणि त्यांच्याकडून आपलं मूळ ट्रॉयच्या हेक्टरपर्यंत नेऊन भिडवलं होतं. म्हणजे हा राजा स्वतःच वंशावळीने झपाटलेला होता. त्याच्या गावात वंशावळीशिवाय जाणं म्हणजे किल्ली घरी ठेवून निघणं.

ही वंशावळ छापलेली नको, हाताने काढा. छापील तक्त्यांत व्हिएन्ना आणि माद्रिदच्या इतक्या फांद्या असतात की आपल्याला हवी ती सापडत नाही. कागद आडवा धरा. वर तिसरा लेओपोल्ड, १३८६ साली झेम्पाखच्या लढाईत पडलेला. त्याच्या मुलांपैकी दोघेच घ्या. एक एर्न्स्ट : त्याचा मुलगा फ्रेडरिक तिसरा, त्याचा मॅक्सिमिलियन. दुसरा फ्रेडरिक चौथा, ज्याने १४२० मध्ये तिरोलचा दरबार इन्सब्रुकला आणला : त्याचा मुलगा झिगिस्मुंड. झिगिस्मुंडला औरस वारस नव्हता, म्हणून १४९० मध्ये तिरोल मॅक्सिमिलियनकडे आलं. मॅक्सिमिलियनखाली फिलिप, त्याखाली चार्ल्स पाचवा आणि फर्डिनांड पहिला. आणि या फर्डिनांडखाली तिरोलचा आर्चड्यूक फर्डिनांड दुसरा, इन्सब्रुकच्या अम्ब्रास किल्ल्याचा धनी.

इथं लाल पेनाने खूण करा. फर्डिनांड किती झाले बघा : पुतळ्यातला अरागॉनचा व्याही, चर्च बांधणारा नातू, अम्ब्रासचा पणतू. शिवाय १६१९ मध्ये सम्राट झालेला फर्डिनांड दुसरा हा आणखी वेगळा माणूस. फ्रेडरिकही दोन, आणि तिरोलचा चौथा हा सम्राट तिसऱ्याचा काका. पुस्तकं क्रमांक लिहून मोकळी होतात. कागद जवळ नसेल तर दुसऱ्याच प्रकरणात सगळं एकमेकांत मिसळतं, आणि मग माणूस पुस्तकच बाजूला ठेवतो. ताराबाई कोण आणि शाहू कोण हे ठाऊक नसलेल्याला सातारा आणि कोल्हापूर अशा दोन गाद्या का झाल्या ते नुसते वाडे पाहून कळत नाही, तसंच हे.

वंशावळ झाली? मग मॅक्सिमिलियनचं एक चरित्र घ्या. दुकानात किंवा ग्रंथालयात आधी शेवटची सूची उघडा आणि तिरोल, श्वाट्स, फुगर या नोंदी बघा. प्रत्येकी एखादंच पान असेल तर ते पुस्तक व्हिएन्नाहून लिहिलेलं आहे, परत ठेवा. श्वाट्सच्या खाणींतल्या चांदीशिवाय इन्सब्रुक नाही. ही चांदी हालच्या टांकसाळीत जायची. १४८६ मध्ये तिथं मोठं चांदीचं नाणं पडलं, पुढच्या थेलर या नाण्याचा तो पूर्वज. त्याच चांदीच्या तारणावर आउग्सबुर्गच्या याकोब फुगरने मॅक्सिमिलियनला कर्जं दिली आणि त्यांवर त्याची लग्नं आणि लढाया चालल्या. शेवटी गावात देणी इतकी थकली की १५१८ मध्ये इन्सब्रुकच्या लोकांनी त्याच्या लव्याजम्याला थारा दिला नाही. तिथून तो वेल्सकडे गेला आणि तिथेच संपला. सोनेरी छपराचे २,६५७ तांब्याचे पत्रे पाहताना हे ठाऊक हवं. त्याखालच्या शिल्पांत राजा दोन्ही बायकांसह दिसतो. ते १५०० साली पुरं झालं तेव्हा मेरीला जाऊन अठरा वर्षं झाली होती. दोघींतली कोण कुठली? वंशावळ बघा.

अम्ब्राससाठी वेगळं पुस्तक नको, फिलिपीन वेल्झरवर एखादा चांगला लेख पुरे. आउग्सबुर्गच्या व्यापारी घरातली ही मुलगी, १५५७ मध्ये आर्चड्यूकशी गुपचूप लग्न केलेली. तिच्या मुलांना गादीचा हक्क मिळाला नाही. तुमच्या कागदावर ही फांदी तुटकी काढा.

१८०९ वर एक छोटं पुस्तक मात्र हवंच. १८०५ मध्ये तिरोल बव्हेरियाकडे गेलं, १८०९ मध्ये आंद्रेआस होफरच्या नेतृत्वाखाली उठाव झाला, बेर्गिझेलच्या टेकडीवर चार लढाया झाल्या आणि २० फेब्रुवारी १८१० रोजी मांतुआत होफरला गोळ्या घातल्या गेल्या. त्याचीही कबर होफकिर्शेतच आहे. टेकडीवर तिसऱ्या लढाईचं प्रचंड गोल चित्र आहे, १८९६ सालचं. नुसती वीरकथा सांगणारं पुस्तक टाळा. बव्हेरियाने धर्माचारांत आणि सैन्यभरतीत काय बदल केले हे जिथं लिहिलं असेल ते घ्या, नाहीतर शेतकरी का उठले ते उमगत नाही.

१९१४ च्या आधीचं बेडेकर या जर्मन प्रकाशनाचं पूर्व आल्प्सचं गाइडबुक इंटरनेटवर फुकट मिळतं. त्यातला नकाशा उघडा. ब्रेनर खिंडीच्या दोन्ही अंगांना एकच तिरोल दिसेल. १९१९ च्या तहाने खिंडीवर सरहद्द आली आणि दक्षिण तिरोल इटलीत गेलं. ही जखम न कळता तिथल्या माणसांशी इतिहासावर बोलू नका. १९३८ बद्दलही वाचा. त्या नोव्हेंबरच्या रात्री इन्सब्रुकमध्ये नाझींनी ज्यूंवर प्राणघातक हल्ले केले. लांडहाउसप्लाट्झवर त्यांचं स्मारक आहे, आणि ते चुकवू नका.

प्रवासवर्णनं चवीपुरती. ग्योथे सप्टेंबर १७८६ मध्ये इथून इटलीकडे गेला. थांबावंसं वाटलं, पण जिवाला चैन पडेना, असं तो लिहितो. तेवढी पानं वाचा. गेओर्ग ट्राकलच्या थोड्या कविता इंग्रजीतून वाचा, त्याची कबर म्यूलाउच्या दफनभूमीत आहे. जर्मन येत असेल तर पुण्या-मुंबईच्या मॅक्समुल्लर भवनाच्या ग्रंथालयात एक चक्कर मारा.

सामान बांधताना चरित्र घरी ठेवा, जड असतं. गाइडबुक आणि नकाशा न्या. वंशावळीचा कागद न्या, फोनमधला फोटो नव्हे. चर्चमध्ये पुतळ्यांच्या मधून फिरताना छोट्या पडद्यावर बोटं फिरवत नावं शोधणं जमत नाही.

तिथं पोचल्यावर पहिल्या सकाळी होफकिर्शे, नंतर बाकीचं. विजयकमानीच्या दोन्ही बाजू बघा. १७६५ मध्ये हाब्सबुर्ग राणी मारिया थेरेझाच्या मुलाचं, लेओपोल्डचं लग्न इथं झालं आणि त्याच सोहळ्यात तिचा नवरा फ्रान्झ वारला. म्हणून एका बाजूला लग्न कोरलंय, दुसऱ्या बाजूला शोक. हे तिघेही कागदाच्या तळाला लिहून न्या. नॉर्डकेटे या गावाला लागूनच्या डोंगररांगेवर हवा स्वच्छ असेल त्या दिवशी जा. पुस्तकं विकत घ्यायची तर शेवटच्या दिवशी, वाग्नर हे १६३९ पासूनचं दुकान गावातच आहे.