परिपाठातला दिनविशेष लिहिताना या चुका टाळा

साताऱ्या-सांगलीकडच्या शाळांत परिपाठाला दिनविशेष असतोच, आणि हल्ली तो बहुतेक वेळा व्हॉट्सअ‍ॅपवरून थेट फळ्यावर उतरतो. फॉरवर्डमधल्या सगळ्याच तारखा चुकीच्या नसतात. तारीख कुठल्या घड्याळाची आणि कुठल्या पंचांगाची, हे कुणी बघत नाही, तिथं घोळ होतो.

कोयनेचा भूकंप घ्या. आपल्याकडे तो ११ डिसेंबर १९६७, पहाटे ४ वाजून २१ मिनिटांनी. परदेशी नोंदींत तोच भूकंप १० डिसेंबर, २२ वाजून ५१ मिनिटं असा सापडतो, कारण त्या नोंदी जागतिक वेळेत असतात आणि ती आपल्यापेक्षा साडेपाच तास मागे आहे. मग एखादा हुशार विद्यार्थी कोयनेला मानवी हक्क दिनाच्या शेजारी नेऊन बसवतो. पाटण तालुक्यातल्या कुठल्याही आजोबांना विचारा, ते पहाटच सांगतील. किल्लारीचंही तसंच: ३० सप्टेंबर १९९३ ची पहाट, जागतिक वेळेत २९ तारीख. चंद्रावरचं पहिलं पाऊल अमेरिकेत २० जुलै १९६९ च्या रात्री पडलं, तेव्हा आपल्याकडे २१ जुलैची सकाळ झाली होती. इथं फळ्यावर कोणतीही एक तारीख लिहा, पण कुठली ते सांगा. भारतातली घटना पहाटे साडेपाचच्या आतली असेल, तर तारीख हमखास दुसऱ्यांदा तपासा.

आता ७ नोव्हेंबर. हा साताऱ्याचा हक्काचा दिवस, आणि चुकांचाही. १९०० साली याच तारखेला डॉ. आंबेडकरांचं नाव साताऱ्याच्या सरकारी शाळेत, म्हणजे आजच्या प्रतापसिंह हायस्कूलमध्ये, दाखल झालं. रजिस्टरमध्ये 'भिवा रामजी आंबेडकर' ही नोंद १९१४ या क्रमांकाला आहे. हा क्रमांक सालाच्या रकान्यात गेला की सगळं बिघडलं, कारण १९१४ साली बाबासाहेब न्यूयॉर्कला कोलंबिया विद्यापीठात शिकत होते. राज्यात २०१७ पासून हा दिवस विद्यार्थी दिवस म्हणून पाळतात. त्याची गल्लत १५ ऑक्टोबरशी करू नका, तो कलामांचा जन्मदिवस आणि आपला वाचन प्रेरणा दिन.

याच ७ नोव्हेंबरला मेरी क्युरी (१८६७) आणि सी. व्ही. रामन (१८८८) यांचा जन्म. आणि १९१७ ची रशियन क्रांतीही हीच. तिला ऑक्टोबर क्रांती म्हणतात म्हणून ती २५ ऑक्टोबरच्या फळ्यावर टाकायची नाही. रशियात तेव्हा जुनी ज्युलियन दिनदर्शिका चालू होती आणि ती १३ दिवस मागे होती, एवढंच.

हाच जुना-नवा फरक आपल्या प्रतापगडालाही लागू आहे. अफझलखानाचा वध १० नोव्हेंबर १६५९ ला झाला, ही तारीख जुन्या पद्धतीची. नव्या पद्धतीनं तो दिवस २० नोव्हेंबर येतो. दोन्ही बरोबर, पण शेजारची दुसरी घटना नव्या पद्धतीची असेल तर 'एकाच दिवशी' म्हणायच्या आधी थांबायला हवं. शिवप्रतापदिन तर मार्गशीर्ष शुद्ध सप्तमीला, तिथीनं असतो. त्यामुळे गेल्या वर्षीची वही उघडून तीच तारीख उतरवली की चुकलंच. आणखी एक: वद्य पक्षातली तिथी उत्तरेकडच्या संकेतस्थळावरून घेऊ नका. आपला फाल्गुन वद्य पक्ष त्यांच्याकडे चैत्रात मोडतो, त्यामुळे तिथीनुसार शिवजयंती एक महिना आधीच येऊन बसते. शुद्ध पक्षात ही भानगड नाही.

'त्याच दिवशी' आणि 'त्याच तारखेला' यांतही गफलत होते. यशवंतराव चव्हाणांचा जन्म १२ मार्च १९१३ चा, दांडीयात्रा निघाली १२ मार्च १९३० ला. 'दांडीयात्रेच्या दिवशी यशवंतरावांचा जन्म' असं वाचलं की डोक्याला हात लावावासा वाटतो. त्या दिवशी त्यांना सतरा वर्षं पूर्ण झाली होती! पण १ ऑगस्ट १९२० ला मात्र खरोखर एकच दिवस आहे: मुंबईत मध्यरात्र उलटल्यावर लोकमान्य टिळक गेले आणि वाटेगावात अण्णाभाऊ साठे जन्मले. फक्त तिथं 'तेव्हाच्या सांगली जिल्ह्यात' लिहू नका. हा जिल्हाच १ ऑगस्ट १९४९ चा, तोही दक्षिण सातारा या नावानं. सांगली हे नाव १९६० मध्ये मिळालं.

स्मृतिदिनाला शुभेच्छा देऊ नयेत हे सांगायची वेळ येते, म्हणून सांगितलं. ६ डिसेंबरला महापरिनिर्वाण दिन पहिल्या ओळीत असायलाच हवा, पण फळा तिथंच संपवू नका. १९७६ साली याच तारखेला क्रांतिसिंह नाना पाटील गेले, आणि राष्ट्रीय पातळीवरच्या फॉरवर्डमध्ये ते सहसा नसतात. ती ओळ तुम्हालाच लिहावी लागेल.