परिविक्षा काळात नोकरीवर गदा आली असताना या चुका टाळा

सेवासमाप्तीचा आदेश घेऊन येणाऱ्या तरुण कर्मचाऱ्यांच्या तोंडी मला गेली अनेक वर्षे दोनच वाक्ये ऐकू येतात. एक म्हणजे ‘चौकशी न करता मला काढलेच कसे?’ आणि दुसरे, ‘परिविक्षेत (प्रोबेशनवर) होतो, म्हणजे आता काहीच करता येणार नाही.’ दोन्ही समज चुकीचे आहेत आणि दोन्हींपायी चांगली प्रकरणे वाया गेलेली मी पाहिली आहेत. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३११(२) नुसार शासकीय कर्मचाऱ्याला बडतर्फ करायचे, सेवेतून काढून टाकायचे किंवा पदावनत करायचे असेल, तर त्याच्यावरील दोषारोप त्याला कळवून आणि बाजू मांडण्याची वाजवी संधी देऊन चौकशी करावी लागते. हे संरक्षण परिविक्षाधीन कर्मचाऱ्यालाही आहे, मात्र कारवाई शिक्षेच्या स्वरूपाची असेल तरच. काम समाधानकारक नाही एवढ्याच कारणाने नियुक्तीच्या अटींनुसार सेवा संपवली, तर ती शिक्षा ठरत नाही. गैरवर्तनाच्या आरोपावर संपवली, तर ठरते. पुरुषोत्तम लाल धिंग्रा प्रकरणात १९५७ साली सर्वोच्च न्यायालयाने आखलेली ही रेषा १९७४ साली शमशेर सिंग प्रकरणात सात न्यायमूर्तींच्या पीठाने कायम ठेवली. त्यामुळे आपले प्रकरण या रेषेच्या कोणत्या बाजूला आहे, हे ओळखल्याशिवाय एकही अर्ज लिहू नये.

मला सर्वांत जास्त त्रास देणारी चूक म्हणजे घाईने लिहून दिलेला माफीनामा. एका तालुका पातळीवरील कार्यालयात परिविक्षेवर असलेल्या एका लिपिक महिलेविरुद्ध, दाखल्यासाठी पैसे घेतल्याची तक्रार आली होती. वरिष्ठांनी तिला सायंकाळी बोलावून सांगितले, “दोन ओळी लिहून द्या, प्रकरण इथेच मिटवतो.” तक्रारीची प्रत न मागता, घरी कोणाशी न बोलता तिने तिथेच बसून लिहिले की, ‘माझ्याकडून चूक झाली, पुन्हा होणार नाही.’ तीन आठवड्यांनी सेवासमाप्तीचा आदेश आला, आणि त्यात तक्रारीचा उल्लेखही नव्हता. माहिती अधिकारात मूळ नस्ती (फाइल) मिळवली, तेव्हा टिप्पणीत स्पष्ट लिहिलेले आढळले की कर्मचाऱ्याने कबुली दिलेली असल्याने चौकशीची आवश्यकता नाही. त्या टिप्पणीमुळे कारवाईचा पाया गैरवर्तनाचा आरोप होता हे सिद्ध झाले आणि आदेश रद्द झाला. परंतु नियमानुसार चौकशी करण्याची मुभा शासनाला राहिली, आणि त्या चौकशीत तिच्याविरुद्धचा पहिला कागद तिच्याच हस्ताक्षरातील होता. ‘चूक’ म्हणजे पैसे घेणे नव्हे, नोंदवहीतील एक नोंद राहून जाणे, हे पटवून देण्यात पुढची दोन वर्षे गेली.

म्हणून माझी पद्धत ठरलेली आहे. ज्ञापन (मेमो) किंवा कारणे दाखवा नोटीस हाती आली की पहिले पत्र खुलाशाचे जात नाही. तक्रारीची व संबंधित कागदपत्रांची प्रत आणि खुलाशासाठी मुदत मागणारे जाते, आणि आवक शाखेत देऊन त्याची शिक्क्यासह पोच घेतली जाते. खुलासा देताना प्रत्येक आरोपाला स्वतंत्र उत्तर असते आणि शेवटी एक वाक्य न चुकता असते: ‘आरोप मला मान्य नाहीत, त्यांच्या आधारे कारवाई करावयाची असल्यास नियमानुसार चौकशी करून मला बाजू मांडण्याची संधी द्यावी.’ हे कंटाळवाणे आहे, हे मला मान्य आहे. परंतु ‘साहेबांना राग येईल’ या भीतीने जे ही पायरी गाळतात, त्यांना नंतर कोणताही वकील ती भरून देऊ शकत नाही.

दुसरी मोठी चूक म्हणजे आदेशाची भाषा साधी आहे एवढ्यावरून हार मानणे. अनूप जयस्वाल हे भारतीय पोलीस सेवेतील परिविक्षाधीन अधिकारी हैदराबादच्या राष्ट्रीय पोलीस अकादमीत प्रशिक्षण घेत असताना, १९८१ साली एका सकाळी कवायतीला उशिरा येण्यावरून प्रकरण झाले आणि त्यांना सेवामुक्त करण्यात आले. आदेशात आरोप नव्हता. तरीही १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने शब्दांच्या आड पाहिले, कारवाई मुळात गैरवर्तनाबद्दलची होती असे ठरवले आणि त्यांना सेवेत परत घेण्यास सांगितले. मात्र याचा उलटा अर्थही काढू नये. ‘काम असमाधानकारक’ हे शब्द केवळ आहेत म्हणून ते कलंक, म्हणजे कर्मचाऱ्याच्या नावाला डाग लावणारा शेरा, ठरत नाहीत, आणि नुसती तक्रार आली होती एवढ्यावरून आदेश शिक्षेचा होत नाही. गैरवर्तनाच्या आरोपांची रीतसर चौकशी झाली होती का आणि तिच्यात दोषी असल्याचा निष्कर्ष निघाला होता का, हे न्यायालय पाहते. त्यासाठी नस्तीतील टिप्पण्या, अहवाल आणि आदेशात संदर्भ म्हणून दिलेली पत्रे लागतात. कधी कधी कलंक त्या पत्रांतच असतो. माहिती अधिकाराचा अर्ज आदेश मिळाल्याच्याच आठवड्यात करावा, कारण उत्तराला ३० दिवस लागू शकतात.

कामातील उणिवा वेळेवर कळवल्याच नव्हत्या, हा मुद्दा बहुतेक जण विसरतात. उणिवा न कळवता सेवेतून कमी करणे मनमानी ठरते, असे १९८९ साली एका तदर्थ (तात्पुरत्या नेमणुकीवरील) डॉक्टरच्या प्रकरणात ठरले आहे. म्हणून मिळालेले प्रत्येक ज्ञापन आणि प्रत्येक शाबासकीचे पत्र घरी, तारखेप्रमाणे लावून ठेवावे.

‘राजीनामा द्या, रेकॉर्ड स्वच्छ राहील’ हा सल्ला ऐकून त्याच दिवशी सही करू नये.

परिविक्षेची दोन वर्षे संपली म्हणजे आपोआप कायम झालो, असे समजू नये. नियमांत कमाल मर्यादा घातलेली असेल आणि तिच्यापुढेही सेवेत ठेवले असेल, तरच तसा दावा उभा राहतो.

जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांनी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये, अर्ज करून महिने घालवू नयेत. त्यांना अनुच्छेद ३११ लागू नाही आणि मॅटचे अधिकारक्षेत्रही नाही. अनुच्छेद १४ आणि नैसर्गिक न्याय यांच्या आधारे त्यांचा मार्ग उच्च न्यायालयाकडे जातो.

राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी मॅटमध्ये जाण्याची मुदत अंतिम आदेशापासून एक वर्षाची आहे. नियमांत अपिलाची तरतूद असेल, तर आधी ते करावे लागते आणि सहा महिन्यांत निर्णय न झाल्यास त्यापुढे एक वर्ष मिळते. परंतु त्यानंतर मंत्रालयात पाठवलेल्या स्मरणपत्रांनी ही मुदत एका दिवसानेही वाढत नाही.