पिकअपच्या टायरमध्ये हवा किती? आधी वजन विचारा

‘दादा, हवा किती मारू?’ पंक्चरच्या दुकानात हा प्रश्न आला की बहुतेक पिकअपवाले वर्षानुवर्षांचा ठरलेला एक आकडा सांगून मोकळे होतात. हौद्यात काही नसो, की टोमॅटोचे क्रेट दोरीपर्यंत लागलेले असोत, आकडा तोच. कारमध्ये हे एक वेळ चालते. तिथे एकटा चालक आणि भरलेले कुटुंब यांत फरक पडतो तीन-चारशे किलोंचा. पिकअपमध्ये रिकामी आणि भरलेली या दोन वेगळ्या गाड्या असतात, निदान मागच्या चाकांच्या बाजूने पाहिले तर.

आमचा जुन्नर तालुका. नारायणगावच्या बाजारातून संध्याकाळी माल भरायचा, आळेफाटा, माळशेज घाट, मुरबाड, कल्याण करत पहाटे वाशी गाठायची आणि सकाळी रिकाम्या गाडीने परत यायचे, असा आमच्याकडच्या कितीतरी गाड्यांचा दिनक्रम आहे. खालची सगळी उदाहरणे याच रस्त्यावरची आहेत. तुमची गाडी नाशिकची द्राक्षे नेत असेल किंवा सिमेंटच्या गोण्या, तरी रीत तीच.

सुरुवात दारापासून

चालकाचे दार उघडा. दार जिथे टेकते त्या खांबावर किंवा दाराच्या आतल्या कडेला कंपनीने चिकटवलेला तक्ता असतो. तिथे नसेल तर गाडीच्या पुस्तकात सापडेल. टायरचा आकार, पुढची हवा आणि मागची हवा त्यात दिलेली असते. बऱ्याच पिकअपमध्ये रिकाम्या आणि भरलेल्या गाडीचे आकडे वेगळे दिलेले असतात. हा तक्ता त्या गाडीचे वजन, पाटे (चाकांवरच्या पट्ट्यांच्या स्प्रिंगा) आणि ब्रेक बघून ठरवलेला असतो, म्हणून पहिला मान त्याचा.

एकक मात्र नीट बघा. पंपावर आपण पीएसआयमध्ये, म्हणजे चौरस इंचाला पाउंडमध्ये, बोलतो, तक्त्यावर कधी बार किंवा किलोपास्कल असतात. १ बार म्हणजे १४.५ पीएसआय, आणि १०० किलोपास्कल म्हणजेही तेवढेच. जुन्या पुस्तकात चौरस सेंटिमीटरला किलो असे असेल तर १ म्हणजे १४.२ पीएसआय.

टायरवरचा आकडा ‘भरायचा’ नसतो

टायरच्या बाजूवर हवेचा एक मोठा आकडा कोरलेला असतो आणि सर्वांत जास्त गैरसमज त्याच्याबद्दल आहे. टायर थंड असताना त्यात जास्तीत जास्त किती हवा भरता येते आणि त्या हवेला तो जास्तीत जास्त किती वजन उचलतो, एवढेच ती नोंद सांगते. ती टायरची मर्यादा झाली. तुमच्या गाडीला किती हवा हवी, हे त्या टायरला माहीत नसते.

त्याच बाजूवर टायरच्या आकारापुढे १०६/१०४ असे दोन आकडे दिसतील. हा वजनाचा निर्देशांक. १०६ म्हणजे एका टायरवर ९५० किलो, १०४ म्हणजे ९०० किलो. पहिला आकडा एका बाजूला एकच चाक असताना लागू होतो, दुसरा जोडचाके असताना. आपल्या बहुतेक पिकअपना मागे एकेकच चाक असते, म्हणून पहिला धरा. टायर बदलताना दुकानदार ‘साइज तीच आहे’ म्हणाला तरी हा निर्देशांक स्वतः वाचा. त्याच मापाचा, पण कारसाठी बनवलेला टायर पिकअपला बसतो. बसतो, पण पेलत नाही.

भुईकाट्यावर दोनदा

आता खरे काम. नेहमीचा माल भरलेली गाडी एकदा भुईकाट्यावर न्या. आधी फक्त पुढची चाके काट्यावर घेऊन वजन घ्या, मग पूर्ण गाडी चढवा. पूर्ण वजनातून पुढचे वजा केले की मागच्या चाकांवरचे वजन मिळते. काट्याच्या दोन्ही बाजूंची जमीन सपाट असावी, नाहीतर आकडा फसवतो. हेच रिकाम्या गाडीचेही करा. हे काम वर्षातून एकदा केले तरी पुरते.

समजा रिकामी गाडी पुढे ९३० आणि मागे ७२० किलो भरली. मग २० किलोंचे ६५ क्रेट, म्हणजे १,३०० किलो माल चढवला. आता पुढे १,१३० आणि मागे १,८२० किलो. पुढची चाके २०० किलोंनी जड झाली, मागची तब्बल १,१०० किलोंनी. चारही चाकांना सारखी हवा ठेवणे का चुकीचे आहे, ते या दोन ओळींत दिसते.

त्रैराशिक मांडा

मागच्या एका टायरवर ९१० किलो आले. टायरची मर्यादा ६५ पीएसआयला ९५० किलो आहे असे धरू. ९१० ला ९५० ने भागा, ६५ ने गुणा. उत्तर येते ६२. पुढच्या एका टायरवर ५६५ किलो, म्हणून तिथे ३९. हे साधे त्रैराशिक टायर बनवणाऱ्यांच्या सूत्रापेक्षा थोडी जास्तच हवा सांगते, त्यामुळे चूक झाली तरी सुरक्षित बाजूला होते.

हे उत्तर तक्त्याशी ताडून बघा. दोन्ही जवळपास असतील तर तक्त्याचे ऐका. तुमचे गणित जास्त सांगत असेल तर गणिताचे ऐका, मात्र टायरवरच्या मर्यादेच्या वर कधीही नको. रिकाम्या गाडीला हे गणित लावू नका, कारण ते मागच्या टायरला २५ च्याही खाली नेईल आणि तेवढ्या हवेवर वळणात गाडी डोलते. रिकाम्यासाठी तक्त्यातला आकडा घ्या. तक्त्यात एकच आकडा असेल तर सर्व्हिस सेंटरला विचारा, आणि तोवर मागची हवा पुढच्यापेक्षा कमी करू नका.

आता एक गोष्ट मी कळकळीने सांगतो. वरच्या उदाहरणात मागचा टायर ९५० पैकी ९१० वर आहे. ‘अजून दहा क्रेट बसतात की’ म्हणत २०० किलो वाढवले तर त्यातले साधारण १७० किलो मागे जातात आणि प्रत्येक मागच्या टायरवर ९९५ किलो होतात. मर्यादा ओलांडली. आता कितीही हवा मारा, ती उणीव भरून निघत नाही. जादा पाटा टाकूनही नाही, कारण पाटा गाडी वर उचलतो, टायरची ताकद वाढवत नाही. दहा क्रेटचे भाडे आणि घाटात फुटलेला टायर यांचा हिशेब ज्याने एकदा केला आहे, तो हे पुन्हा करत नाही.

‘उन्हाळा आहे, हवा कमी ठेव’

हा सल्ला मला घरच्या मोठ्यांनी दिला होता आणि मी पाळला होता. मे महिना, भरलेली गाडी, माळशेज उतरून टोकावड्याच्या जवळ मागचा डावा टायर गेला. गाडी सावरली ती रस्ता मोकळा होता म्हणून. नंतर टायर काढून पाहिला तर नक्षी चांगली शिल्लक होती, पण बाजूची भिंत आतून जळाल्यासारखी काळी पडून तिचा चुरा झाला होता.

याचे कारण समजून घ्या. उन्हाने हवा फुगते आणि टायर फुटतो, अशी आपली समजूत. पण टायर खरा तापतो तो वाकण्याने. हवा कमी असली की चाकाच्या प्रत्येक फेऱ्याला बाजूची भिंत जास्त दबते आणि पुन्हा सरळ होते. तार वाकवत राहिलो की ती बोटाला चटका देते, तसेच हे. त्या उष्णतेने रबर आणि आतले धागे सुटू लागतात आणि एका क्षणी टायर जातो. त्यात वजन असेल, वेग असेल आणि खाली तापलेला सिमेंटचा रस्ता असेल तर हे फार लवकर घडते. ७०१ किलोमीटरच्या समृद्धी महामार्गावर तासन्‌तास एकाच वेगाने जाता येते, तिथे टायरला थंड व्हायला उसंतच मिळत नाही. अशा रस्त्यावर निघताना हवा तपासणे टाळूच नका.

उन्हाने वाढणारी हवा टायर बनवणाऱ्याने आधीच हिशेबात धरलेली असते. म्हणून ठरलेला थंड आकडा उन्हाळ्यातही तोच. उलट थंडीत जास्त लक्ष द्यावे लागते. ६० पीएसआयच्या आसपास दर ६ अंशांना साधारण दीड पीएसआयचा फरक पडतो. मेच्या दुपारी बरोबर भरलेली हवा जानेवारीच्या पहाटे सात-आठ पीएसआयने कमी दिसू शकते, आणि चार-पाच महिन्यांत थोडी थोडी झिरपून गेलेली हवा वेगळीच.

थंड टायर, स्वतःचा गेज

सगळे आकडे थंड टायरचे आहेत. थंड म्हणजे गाडी किमान ३ तास सावलीत उभी, किंवा फार तर दीड-दोन किलोमीटर चाललेली. आमच्यासारखे संध्याकाळी निघणारे लोक दुपारीच माल भरण्याआधी हवा बघू शकतात. माल चढवल्याने टायरमधली हवा वाढते असे काहींना वाटते. ती फार तर एखाद-दोन पीएसआयने वाढते, त्यामुळे गाडी रिकामी असतानाच भरलेल्या गाडीची हवा मारून ठेवायला हरकत नाही.

पंप घरापासून लांब असतो आणि तिथे पोचेपर्यंत टायर तापतो. यावर सोपा उपाय आहे. हवा मोजायचा चांगल्यापैकी एक गेज स्वतःचा घ्या. घरी थंड टायरला ५५ दिसली आणि ६२ हवी असेल तर कमी आहे ७. पंपावर पोचल्यावर तोच टायर ५८ दाखवेल. त्यात ७ घालून ६५ करा. घरी आल्यावर थंड झाला की ६२ च दिसेल. गेज मात्र दोन्हीकडे तोच वापरा. दोन दुकानांचे काटे एकमेकांशी जुळतीलच असे नाही. काही पेट्रोल पंपांवरचे यंत्र कारच्या हवेपुरतेच चालते. अशा वेळी ट्रकची हवा भरणाऱ्या पंक्चरवाल्याकडे जा.

हवा भरून झाली की वॉल्व्हवर थुंकीचे बोट लावा. बुडबुडा आला तर पिन बदला, काही रुपयांचे काम आहे. टोपणही लावा. घाटातली धूळ पिनमध्ये गेली की रात्रभरात हवा उतरते.

नायट्रोजनबद्दल नेहमी विचारले जाते. साध्या हवेतही ७८ टक्के नायट्रोजनच असतो. तो भरल्याने हवा जरा हळू झिरपते आणि ओलावा कमी राहतो, एवढाच लाभ. मिळाला तर घ्या, पण नायट्रोजनच्या टायरमध्ये साधी हवा घालायची नाही म्हणून कमी हवेवर गाडी पळवू नका.

रस्त्यावर पडताळा

तासभर गाडी चालली की चहाला थांबाल तेव्हा हवा पुन्हा बघा. ६२ ची ६८-७० झाली असेल तर सगळे ठीक. ७५ च्या पुढे गेली असेल तर टायर वाजवीपेक्षा जास्त तापतोय. थंड असताना हवा कमी होती, वजन जास्त आहे किंवा वेग जास्त आहे, या तिन्हींपैकी काहीतरी. अशा गरम टायरमधली हवा कधीही सोडू नका. सोडलीत तर तो आणखी वाकेल आणि आणखी तापेल. वेग कमी करा, थंड होऊ द्या. एकाच चाकाची हवा बाकीच्यांपेक्षा खूप चढली असेल तर त्या चाकाचा ब्रेक चिकटतोय का ते तपासून घ्या.

महिन्या-दोन महिन्यांनी नक्षी वाचा. मधोमध झिजली असेल तर हवा जास्त, दोन्ही कडा झिजल्या असतील तर कमी. एकच कड झिजली असेल तर हवेचा दोष नाही, अलाइनमेंट करा. नक्षी १.६ मिलिमीटरवर आली की कायद्यानेही टायर संपला. पावसाळ्यात मी त्याच्या बराच आधी बदलतो.

परतीची रिकामी गाडी

इथे मन थोडे अडते. वाशीत माल उतरला, मागच्या टायरला ६२ हवा, आणि त्या टायरवर आता जेमतेम ३६० किलो. एवढ्या हवेला रस्त्यावर टेकणारा रबराचा भाग साधारण तळहाताएवढा उरतो. पावसात, माळशेजच्या चढावर, ब्रेक जरा जोरात दाबला की मागची बाजू सरकते. ३५ पीएसआयला हाच भाग दीडपटीहून जास्त होतो.

पण पहाटे वाशीत गरम टायरची हवा सोडायची आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा भरायची, हे रोज होत नाही, आणि घाईत भरायचे राहून गेले तर ते जास्त घातक. म्हणून माझा नियम असा: रोज भरून जायचे असेल तर भरलेल्या गाडीचीच हवा ठेवा आणि परतताना, विशेषतः पावसात, वेग कमी व पुढच्या गाडीपासून अंतर जास्त. दोन दिवसांहून जास्त रिकामे फिरायचे असेल तर सकाळी थंड टायरची हवा उतरवा आणि पुढचा माल भरण्याआधी न विसरता चढवा. दोन्ही आकडे दाराच्या आतल्या बाजूला रंगाने लिहून ठेवा, म्हणजे गाडी दुसऱ्या कोणी नेली तरी अडायला नको.

काळ्या मातीच्या शेतरस्त्यात रिकामी गाडी रुतली तर हवा २५ पर्यंत उतरवून सावकाश बाहेर काढता येते. डांबरीवर आल्यावर आधी हवा, मग प्रवास. माल असताना हे अजिबात करू नका.

स्टेपनीचे राहू देऊ नका. तिच्यात मागच्या भरलेल्या चाकाची हवा ठेवा. पुढे लावायची वेळ आली तर जागेवर सोडता येते, पण रात्री दोन वाजता घाटात ती भरायला कोणी मिळत नाही.