जुनं फुटेज वापरताय? आधी नोंद, मग एडिट

डॉक्युमेंटरी करणाऱ्या नव्या पोरांना मी पहिल्याच दिवशी सांगते, क्लिप टाइमलाइनवर टाकायच्या आधी तिची नोंद करा. कुठून आली, अर्काइव्हचा (जुनं फुटेज जपणाऱ्या संग्रहाचा) क्लिप नंबर काय, टाइमकोड (प्रत्येक फ्रेमचा तास-मिनिट-सेकंद-फ्रेम असा आकडा) कुठून कुठपर्यंत, हक्क कोणाकडे. हे त्याच दिवशी लिहायचं, कारण सहा महिन्यांनी शॉटमधली गर्दी कुठली आणि कोणत्या सालची हे कोणालाच आठवत नाही. माझ्या एका फिल्ममधला फार सुंदर शॉट अगदी शेवटच्या आठवड्यात काढावा लागला, मालकच सापडला नाही. अजून हळहळ वाटते.

अर्काइव्हवाले आधी स्क्रीनर देतात, हलक्या क्वालिटीचा, वर वॉटरमार्क आणि टाइमकोड. एडिट त्यावरच करा पण तो टाइमकोड क्रॉप करू नका, पिक्चर लॉक झाल्यावर, म्हणजे एडिट पक्कं ठरल्यावर, मास्टर (पूर्ण क्वालिटीची क्लिप) मागवताना तोच लागतो. दोन्ही टोकांना थोडे जास्तीचे फ्रेम मागा, डिझॉल्व्हला, म्हणजे एक शॉट दुसऱ्यात विरघळवताना, उपयोगी पडतात.

पैशांचं मात्र पिक्चर लॉक व्हायच्या आधीच विचारून घ्या. दर बहुतेक सेकंदावर किंवा मिनिटावर असतो, किमान लांबीची अट असते, आणि टीव्ही की थिएटर की ओटीटी, कोणते देश, किती वर्षं, यावर आकडा हलतो. फुटेजचं लायसन्स मिळालं म्हणजे त्यात वाजणाऱ्या गाण्याचं मिळालं असं नाही हं, ते वेगळं.

आता माझा जीव जिथे अडकतो ते, स्पीड. मूकपटाच्या काळात कॅमेरा बऱ्याचदा हाताने फिरवायचे त्यामुळे वेग ठरलेला नसायचा, सेकंदाला साधारण १६ ते २० फ्रेम धरा. तेच २४ ने चालवलं की माणसं तुरुतुरु पळतात आणि बघणाऱ्याला त्यांच्या दुःखातही हसू येतं, हे मला अजिबात सहन होत नाही. आकड्यावर विसंबू नका, चालणाऱ्या माणसाची पावलं बघत वेग कमी करत जा, चाल खरी वाटली की थांबा. जुन्या व्हिडिओ टेपचं वेगळंच, टीव्हीच्या दोन पद्धती, पालची सेकंदाला २५ फ्रेमची, एनटीएससीची २९.९७ ची, दोन्ही इंटरलेस (एक फ्रेम एकाआड एक ओळींच्या दोन भागांत), म्हणून हालचालीत कंगव्यासारख्या रेघा दिसतात. डीइंटरलेस, म्हणजे ते दोन भाग जुळवून अख्खी फ्रेम करणं, नीट करून घ्या.

४:३ चा (जुन्या टीव्हीच्या आकाराचा) शॉट ताणून १६:९ (आजच्या रुंद पडद्याचा) करू नका, चेहरे पसरतात. बाजूच्या काळ्या पट्ट्या राहू द्या, वाईट दिसत नाहीत.

आणि व्हॉइसओव्हर एका पुराबद्दल बोलतोय आणि शॉट दुसऱ्याच पुराचा, असं करू नका. तोच शॉट हवा असेल तर खाली पट्टीत ठिकाण आणि साल लिहा.

मास्टर आले की प्रत्येक कट स्क्रीनरशी फ्रेम टू फ्रेम ताडून बघा, नव्याने स्कॅन केलेल्या मास्टरचा वेग कधीकधी स्क्रीनरपेक्षा वेगळा असतो, मग कट सरकतो आणि नको तो फ्रेम आत येतो.