गृहकर्जाची खरी किंमत कशी मोजावी

गृहकर्ज घेताना बहुतेक कुटुंबांचा पहिला आणि अनेकदा शेवटचा प्रश्न असतो तो मासिक हप्त्याचा. हा प्रश्न आवश्यक आहे, कारण हप्ता उत्पन्नात बसला नाही तर पुढचे सारे गणित व्यर्थ ठरते. परंतु तो पुरेसा नाही. हप्त्यावरून महिन्याचे ओझे कळते, कर्जाची किंमत कळत नाही. मुदत लांबवली की हप्ता हलका होतो आणि किंमत वाढते, त्यामुळे दरमहा सर्वांत सोपे वाटणारे कर्ज हेच अखेरीस सर्वांत महाग पडण्याची शक्यता असते. ही किंमत सही करण्यापूर्वी स्वतः मोजता येते, आणि त्यासाठी शाळेतल्या गणितापलीकडचे काही लागत नाही.

संपूर्ण लेखात एकच उदाहरण वापरू. कर्ज ५० लाख, व्याजदर वार्षिक ९ टक्के, मुदत २० वर्षे, व्याजाची आकारणी दरमहा घटत्या शिलकीवर. चलन कोणतेही धरले तरी प्रमाण बदलत नाही. या कर्जाचा मासिक हप्ता सुमारे ४४,९८६ येतो. २४० हप्त्यांची बेरीज १ कोटी ७ लाख ९७ हजारांच्या आसपास होते, म्हणजे ५० लाखांच्या मुद्दलावर जवळजवळ ५८ लाखांचे व्याज.

आता हा हप्ता आतून कसा बनलेला आहे ते पाहावे. वार्षिक ९ टक्के म्हणजे महिन्याला पाऊण टक्का. पहिल्या महिन्यात ५० लाखांवर ३७,५०० व्याज होते. हप्त्यातून ते वजा केल्यावर मुद्दलापोटी उरतात केवळ ७,४८६. दुसऱ्या महिन्यात व्याज या किंचित घटलेल्या शिलकीवर मोजले जाते, म्हणून मुद्दलाचा वाटा थोडासा वाढतो, आणि हाच क्रम अखेरपर्यंत चालतो. एखाद्या स्प्रेडशीटमध्ये चार रकाने करावेत: महिन्याच्या आरंभीची शिल्लक, त्यावरचे व्याज, हप्त्यातून व्याज वजा जाता उरलेले मुद्दल, आणि महिनाअखेरची शिल्लक. पहिली ओळ भरावी, तिची महिनाअखेरची शिल्लक दुसऱ्या ओळीत आरंभीची शिल्लक म्हणून घ्यावी, आणि ती ओळ २४० व्या महिन्यापर्यंत खाली ओढली की परतफेडीचा संपूर्ण तक्ता तयार होतो. कर्ज देणारी संस्था असा तक्ता मागितल्यावर देते, तरीही तो एकदा स्वतः करावा असे मी आग्रहाने सांगेन, कारण दर, मुदत किंवा हप्ता बदलून परिणाम पाहण्याची सोय आपल्याच तक्त्यात असते.

तक्त्यातून जे दिसते ते अनेकांना अनपेक्षित असते. पाच वर्षांत आपण सुमारे २७ लाख भरलेले असतात, पण शिल्लक मुद्दल अजून ४४ लाख ३५ हजार असते. म्हणजे २७ लाखांपैकी कर्ज फेडण्यासाठी गेले ते जेमतेम ५ लाख ६५ हजार. दहा वर्षांनी, अर्धी मुदत संपल्यावरही, साडेपस्तीस लाख बाकी असतात. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजाच्या वाट्याहून मोठा होतो तो तेराव्या वर्षात, आणि निम्मे मुद्दल फिटायला पूर्ण १४ वर्षे लागतात. यात कोणाची लबाडी नाही. शिल्लक मोठी असताना व्याजही मोठे असणारच. परंतु घर पाच-सात वर्षांत विकण्याचा विचार असेल, तर आपले कर्ज निम्म्यावर आले असेल ही समजूत मनातून काढून टाकावी.

मुदतीचा परिणाम याच तक्त्यावरून तपासावा. हेच कर्ज १५ वर्षांत फेडायचे तर हप्ता ५०,७१३ होतो आणि एकूण व्याज ४१ लाख २८ हजारांवर येते. ३० वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ४०,२३१ पर्यंत उतरतो, पण व्याज ९४ लाख ८३ हजारांवर जाते. वीस वर्षांची तीस वर्षे करून महिन्याला वाचतात सुमारे ४,७५५, आणि त्यासाठी एकूण जवळपास ३७ लाख अधिक मोजावे लागतात. मुदत जसजशी वाढते तसतशी हप्त्यातली घट लहान होत जाते आणि व्याजातली वाढ मोठी. कारण मुदत कितीही ताणली तरी हप्ता पहिल्या महिन्याच्या व्याजाच्या, म्हणजे ३७,५०० च्या खाली जाऊ शकत नाही. म्हणून निर्णय घेताना किमान तीन मुदतींचे हप्ते आणि तीन एकूण व्याजे शेजारीशेजारी लिहून पाहावीत; दरातल्या पाव टक्क्यासाठी घासाघीस करणारे लोकही मुदतीच्या बाबतीत समोर आलेला पहिलाच पर्याय स्वीकारतात, हे मला खरोखर खटकते.

दर कसा मोजला जातो, हेही विचारून घ्यावे. दर घटत्या शिलकीवर आहे की मूळ रकमेवर सपाट, याने चित्र पूर्ण पालटते. आपल्या उदाहरणातले व्याज सपाट पद्धतीने मांडले तर तो दर वर्षाला केवळ ५.८ टक्के दिसेल, आणि तरीही खिशातून जाणारी रक्कम तीच असेल. शिल्लक दरमहा घटवली जाते की वर्षातून एकदाच, हा दुसरा प्रश्न. वर्षातून एकदाच घटवली, तर त्याच ९ टक्क्यांचा हप्ता ४५,६४४ होतो आणि वीस वर्षांत सुमारे १ लाख ५८ हजार अधिक जातात. कॅनडात स्थिर दराच्या गृहकर्जांवरील व्याजाची चक्रवाढ सहामाही धरली जाते. म्हणजे पद्धत देशागणिक वेगळी असू शकते आणि केवळ टक्केवारी वाचून दोन कर्जांची तुलना करता येत नाही.

बदलत्या दराचे कर्ज असेल तर याहून अधिक सावधगिरी हवी. अमेरिकेत ३० वर्षे एकच दर ठेवणारी कर्जे सर्रास मिळतात, ब्रिटनमध्ये दर बहुधा दोन किंवा पाच वर्षांपुरता बांधलेला असतो, तर भारतात बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. दर वाढल्यावर संस्था हप्ता वाढवते किंवा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवते. दुसरा मार्ग कर्जदाराला जाणवतही नाही, आणि तोच अधिक महाग असतो. आपल्या कर्जाचा दर सुरुवातीलाच ९ वरून १० टक्के झाला आणि हप्ता ४४,९८६ च राहिला, तर २४० हप्त्यांऐवजी सुमारे ३१४ हप्ते भरावे लागतील, म्हणजे २६ वर्षांहून अधिक, आणि एकूण व्याज ९१ लाखांच्या पुढे जाईल. त्याऐवजी हप्ता ४८,२५१ केला, तर मुदत वीस वर्षेच राहते आणि व्याज ६५ लाख ८० हजारांवर थांबते. दर ११ टक्के झाला तर महिन्याचे व्याजच ४५,८३३ होते. जुना हप्ता त्याहून कमी असल्याने कर्ज फिटण्याऐवजी वाढत जाते. म्हणून कर्ज घेण्यापूर्वी सध्याच्या दरात दोन टक्के मिळवून हप्ता काढावा आणि तो पेलवेल का, याचे प्रामाणिक उत्तर स्वतःला द्यावे. कर्ज चालू असताना दर वाढल्याचे पत्र आले, की हप्ता बदलला नाही म्हणून समाधान मानू नये; उरलेले हप्ते किती, हे लेखी विचारावे.

व्याजाशिवायचे खर्च दोन प्रकारचे असतात. प्रक्रिया शुल्क, मालमत्तेचे मूल्यांकन, कायदेशीर तपासणी, तारणाची नोंदणी हे कर्जामुळेच येणारे खर्च. मुद्रांक शुल्क, मालमत्ता कर, देखभाल आणि घराचा विमा हे घरामुळे येणारे. दुसरे खर्च कर्ज न घेताही आले असते, म्हणून ते घराच्या हिशेबात धरावेत आणि पहिले कर्जाच्या. पहिल्या प्रकारातील खर्च दरात मिसळून खरा वार्षिक दर काढता येतो. एक टक्का, म्हणजे ५० हजार शुल्क गेले, तर हातात ४९ लाख ५० हजारच आले; हप्ते मात्र ५० लाखांचेच. वीस वर्षे कर्ज चालवले तर खरा दर ९.१४ टक्के होतो, पण पाच वर्षांतच ते बंद केले तर तो ९.२६ टक्के पडतो, कारण तेच शुल्क कमी वर्षांत विभागले जाते. असा सर्वसमावेशक दर कर्जदाराला सांगणे अनेक देशांत बंधनकारक आहे. अमेरिकेत ते १९६८ च्या कायद्याने झाले, युरोपीय संघात गृहकर्जांसाठी २०१४ चा निर्देश आहे, आणि भारतात बँकांनी द्यावयाच्या ‘की फॅक्ट स्टेटमेंट’मध्ये, म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींच्या पत्रकात, हा वार्षिक टक्केवारी दर नमूद करावा लागतो. दोन प्रस्तावांची तुलना जाहिरातीतल्या दरावरून न करता या दरावरून करावी.

कर्जासोबत एकरकमी प्रीमियमचा विमा दिला जातो आणि तो प्रीमियम कर्जातच मिळवला जातो, तेव्हा त्याची किंमत छापील आकड्याएवढी राहत नाही. एक लाखाचा प्रीमियम कर्जात गेला की वीस वर्षांत त्याचे सुमारे २ लाख १६ हजार होतात. विमा घेऊ नये असे मी म्हणत नाही. कमावते माणूस गेल्यावर कुटुंबाचे छप्पर वाचवणारे संरक्षण मोलाचे आहे. पण ते वेगळे घेऊन किती पडते याची चौकशी जरूर करावी.

मुदतपूर्व परतफेडीचा हिशेब हा या विषयातला सर्वांत आशादायक भाग आहे. पहिल्या वर्षाच्या अखेरीस २ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर कर्ज साधारण २२ महिने आधी संपते आणि सुमारे ८ लाख १३ हजार व्याज वाचते. तेच २ लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले तर वाचतात सुमारे १ लाख ६ हजार. मात्र जादा रक्कम भरताना हप्ता कमी करायचा की मुदत, हे स्पष्टपणे लेखी कळवावे. व्याज खऱ्या अर्थाने वाचते ते मुदत कमी केल्यावर. उत्पन्न नियमित वाढत असेल तर हप्ताच दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवता येतो. आपल्या उदाहरणात असे केल्यास २० वर्षांचे कर्ज १२ वर्षे आणि एका महिन्यात फिटते, परंतु बाराव्या वर्षी हप्ता ७७ हजारांच्या आसपास असतो, हे आधीच ध्यानात घ्यावे. आपल्या करारात मुदतपूर्व परतफेडीवर दंड आहे का, असल्यास किती आणि किती वर्षांपर्यंत, हे तपासल्याशिवाय यातले काहीही ठरवू नये. आणीबाणीसाठी ठेवलेला पैसा तर कर्जात मुळीच घालू नये. एकदा भरलेली रक्कम गरजेच्या वेळी सहसा परत मिळत नाही.

कमी दरासाठी कर्ज दुसऱ्या संस्थेकडे नेण्याचा सल्ला वारंवार दिला जातो, आणि तिथे एक मोठी फसगत होऊ शकते. पाच वर्षांनी शिल्लक ४४ लाख ३५ हजार असताना ८.५ टक्के दराने कर्ज हलवले आणि मुदत पुन्हा २० वर्षे घेतली, तर हप्ता ३८,४९१ वर येतो आणि व्यवहार फायद्याचा वाटतो. प्रत्यक्षात जुन्या कर्जाचे उरलेले हप्ते मिळून ८१ लाखांच्या आत होते. नव्या कर्जाचे होतात ९२ लाख ३८ हजार. दर कमी होऊनही ११ लाखांहून अधिक जास्त गेले. मुदत उरलेली १५ वर्षेच ठेवली असती तर हप्ता ४३,६७७ झाला असता आणि सुमारे २ लाख ३६ हजार वाचले असते, अर्थात त्यातून हस्तांतराचा खर्च वजा जाता.

महागाईचा विचार केल्याशिवाय ही मोजणी न्याय्य होणार नाही. वर्षाला ५ टक्के महागाई धरली तर विसाव्या वर्षीच्या ४४,९८६ च्या हप्त्याचे मोल आजच्या हिशेबाने सुमारे १७ हजार असते, आणि सर्व हप्त्यांची आजची किंमत १ कोटी ८ लाख नसून ६९ लाखांच्या जवळपास भरते. म्हणून व्याजाची बेरीज पाहून घाबरून जाण्याचे कारण नाही. मात्र हा दिलासा उत्पन्न महागाईच्या वेगाने वाढले तरच मिळतो, आणि निवृत्तीनंतरही हप्ते चालू राहणार असतील तर तो मिळतोच असे नाही. करसवलतीबाबतही असेच तारतम्य ठेवावे. ती जिथे मिळते तिथे भरलेल्या व्याजाचा केवळ एक हिस्सा परत येतो, त्यामुळे करसवलतीसाठी कर्ज चालू ठेवणे म्हणजे थोडे वाचवण्यासाठी अधिक खर्च करणे होय. कर्ज आधी फेडण्याऐवजी इतरत्र गुंतवलेला तो पैसा कर वजा जाता कर्जाच्या खर्चाहून अधिक परतावा देणार असेल, तरच उलट निर्णय योग्य ठरतो.

हे सारे एका कागदावर उतरवावे: हाती येणारी निव्वळ रक्कम, सर्वसमावेशक दर, तीन मुदतींचे एकूण व्याज, दर दोन टक्क्यांनी वाढल्यास येणारा हप्ता, पाच आणि दहा वर्षांनंतरची शिल्लक, आणि मुदतपूर्व परतफेडीच्या अटी. प्रत्येक संस्थेच्या प्रस्तावासाठी असा एक कागद तयार करावा आणि जिथे रकाना रिकामा राहील तिथे उत्तर लेखी मागावे. कर्ज सुरू झाल्यावर दरवर्षी खात्याचा उतारा मागवून त्यातली शिल्लक आणि उरलेले हप्ते आपल्या तक्त्याशी ताडून पाहावेत. फरक आढळला तर तो त्याच वर्षी विचारावा, कारण जुन्या नोंदी दुरुस्त करून घेणे दरवर्षी अधिक कठीण होत जाते.