राखीव जागेचा फॉर्म भरताय? आधी व्हॅलिडिटीचं बघा

मी तलाठी म्हणून निवृत्त झालो. आता ग्रामपंचायतीची निवडणूक लागली की राखीव जागेचे उमेदवार कागदांची पिशवी घेऊन ओट्यावर येऊन बसतात. त्यांना जे सांगतो तेच इथं लिहितो.

फॉर्मसोबत जातीचा दाखला आणि जात पडताळणी समितीची व्हॅलिडिटी म्हणजे जात वैधता प्रमाणपत्र, दोन्ही लागतात. व्हॅलिडिटी नसेल तर समितीकडे अर्ज केल्याची पोच आणि हमीपत्र जोडून भागतं. हे हमीपत्र सही करताना कुणी वाचत नाही. त्यात तुम्ही लिहून देता, की निवडून आल्याचं जाहीर झाल्यापासून 12 महिन्यांत व्हॅलिडिटी आणून देईन. ग्रामपंचायत अधिनियमाचं कलम 10-1अ सदस्यांसाठी, 30-1अ सरपंचांसाठी. मुदत हुकली की निवड मागच्या तारखेपासून रद्द, आणि वर अपात्रता. मग मतं कितीही पडलेली असोत.

मुदत मोजायची ती निकालापासून. पहिल्या सभेपासून नाही, पदभार घेतल्यापासूनही नाही.

“अर्ज समितीकडेच पडून होता, त्यात माझा काय दोष?” असं सगळेच विचारतात. रास्तच आहे. पण उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं 2016 मध्ये आणि सर्वोच्च न्यायालयानं 2018 मध्ये ही मुदत पाळणं बंधनकारकच ठरवलं. पूर्वी तर सहाच महिने मिळायचे. सरकार कधीमधी खास कायदा करून मुदतवाढ देतं, 2023 मध्ये दिली होती. पण त्या भरवशावर राहणारा माणूस मला तरी राजकारणात नवखा वाटतो.

म्हणून कागद आरक्षण सोडतीनंतर लगेच गोळा करा. अनुसूचित जातीसाठी 10 ऑगस्ट 1950, जमातीसाठी 6 सप्टेंबर 1950, विमुक्त-भटक्यांसाठी 21 नोव्हेंबर 1961, ओबीसींसाठी 13 ऑक्टोबर 1967. या तारखांच्या आधीचा, जात लिहिलेला पुरावा शोधायचा. आजोबा-चुलत आजोबांचा शाळेचा प्रवेश-निर्गम उतारा, तहसीलच्या अभिलेख कक्षातलं कोतवाल बुक म्हणजे गाव नमुना 14, जुनी हक्कनोंद. नोंद मोडीत असेल तर मोडी जाणकाराकडून लिप्यंतर करून घ्या. वडील, सख्खा भाऊ किंवा चुलत्याला व्हॅलिडिटी मिळालेली असेल तर ती आधी जोडा, निम्मं काम तिथंच होतं. वंशावळीतलं नाव आणि उताऱ्यावरचं नाव जुळलं पाहिजे. ‘दगडू’चा ‘दगडोबा’ झाला असेल तर प्रतिज्ञापत्र आत्ताच करा, त्रुटीचं पत्र येण्याची वाट बघू नका.

महिला राखीव जागेवर सगळ्यात जास्त घोळ होतो. ताई, तुमची जात वडिलांकडून धरली जाते. नवऱ्याचे, सासऱ्याचे कागद कितीही जुने असले तरी इथं कामाचे नाहीत. दाखला माहेरच्या पुराव्यावर निघतो, आणि दाखला ज्या जिल्ह्यातून निघाला त्या जिल्ह्याच्या समितीकडे पडताळणी होते. म्हणजे नांदायला एका जिल्ह्यात, हेलपाटे दुसऱ्या जिल्ह्यात. भावाला आधीच फोन करा. माहेरचं आणि सासरचं नाव जोडणारं विवाह नोंदणी प्रमाणपत्र किंवा राजपत्र सोबत ठेवा. अनुसूचित जमातीची समिती वेगळी असते, जिल्ह्याच्या समितीत तो अर्ज घेत नाहीत.

हल्ली कुणबी नोंदी सापडल्या म्हणून बऱ्याच जणांना दाखले मिळालेत. दाखला प्रांत ऑफिसचा, व्हॅलिडिटी समितीची. एक मिळालं म्हणजे दुसरं मिळालं असं नाही.

अर्ज गेल्यावर समितीच्या दक्षता पथकाची चौकशी लागली तर घरातल्या म्हाताऱ्या माणसाला हजर ठेवा. समितीत जाल तेव्हा लेखी अर्ज द्या, पोच घ्या. तोंडी चौकशीला नंतर कोर्टात किंमत नसते. सहा-सात महिने झाले तरी हालचाल नसेल तर वकील गाठा आणि समितीनं ठरावीक वेळेत निर्णय द्यावा म्हणून उच्च न्यायालयात याचिका करा. शेवटच्या आठवड्यात पळून उपयोग नाही. दावा फेटाळला तरी जिल्हाधिकाऱ्यांकडे अपील नाही, तिथंही उच्च न्यायालयच.

व्हॅलिडिटी आली की लॅमिनेशन करून देव्हाऱ्यात ठेवू नका. त्याच दिवशी प्रत तहसीलच्या निवडणूक शाखेत द्या आणि आवक क्रमांकाचा शिक्का तारखेसह घ्या.