डीएलएल मिसिंग दाखवतंय? या चुका टाळा, फाईल शोधत फिरू नका

मी जळगावात कॉम्प्युटर रिपेअरिंगचं काम करतो, आणि पेनड्राइव्हमध्ये एकच डीएलएल फाईल घेऊन येणारा माणूस आठवड्याला एक तरी भेटतोच. "भाऊ, हाई फाईल टाकी पाही, तरी चालत नही." बहुतेक वेळा ती फाईल टाकल्यामुळेच काम वाढलेलं असतं.

डीएलएल म्हणजे काय ते आधी सांगतो. आपल्याकडे लग्नाला समाजाची भांडी आणतात ना, मोठाली पातेली, झारे, ताटं, प्रत्येक घर काय पाचशे माणसांची भांडी विकत घेऊन ठेवत नाही. विंडोजमध्ये तसंच आहे, विंडो उघडणं, आवाज काढणं, आकडेमोड करणं असली रोजची कामं सामायिक फाईलींमध्ये ठेवलेली असतात आणि दहा प्रोग्रॅम त्याच फाईली वापरतात. एखादं पातेलं गायब झालं की ज्याचं लग्न आहे तो बोंबलतो, म्हणजे एरर दाखवणारा प्रोग्रॅम बिघडलेला असतोच असं नाही.

सगळ्यात मोठी चूक म्हणजे एररमधलं नाव गुगलला टाकायचं आणि फुकट डीएलएल देणाऱ्या कुठल्यातरी साईटवरून ती उतरवायची. त्यात व्हायरस निघू शकतो हे तर आहेच, पण दुसरं म्हणजे ती फाईल एकटी येत नाही, तिचं अख्खं पॅकेज असतं. एमएसव्हीसीपी१४० किंवा व्हीसीरनटाइम१४० मागत असेल तर मायक्रोसॉफ्टच्या साईटवरून व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल घ्या, म्हणजे असल्या सामायिक फाईलींचं तयार पॅकेज, २०१५ पासूनच्या आवृत्त्यांना ते एकच चालतं. एमएसव्हीसीआर१०० असेल तर २०१० वालं, एमएसव्हीसीआर१२० असेल तर २०१३ वालं. जुन्या गेमला डी३डीएक्स९_४३ लागतं, ते डायरेक्टएक्सच्या (गेमची चित्रं-आवाज सांभाळणारा विंडोजचा भाग) जून २०१० च्या पॅकेजमध्ये आहे, आणि हो, विंडोज १० किंवा ११ मध्ये नवं डायरेक्टएक्स असलं तरी हे जुनं वेगळं टाकावं लागतं, पोरं इथेच फसतात.

आता दुसरी चूक, आणि हिच्यात माझी अख्खी दुपार गेली होती. एका जिनिंगचे मुनीम, आम्ही त्यांना अप्पा म्हणतो, वजनकाट्याचा कॉम्प्युटर घेऊन आले, ऐन कापसाच्या सीझनमध्ये. प्रोग्रॅम जुना, ३२ बिटचा. आधी एमएसव्हीसीआर१०० मिसिंग यायचं, मग भाच्याने नेटवरून फाईल आणून टाकली आणि एरर बदलला, आता ०एक्ससी०००००७बी. हा कोड दिसला की पहिला संशय ३२ आणि ६४ बिटच्या भेसळीवर घ्यायचा, कारण ३२ बिटच्या प्रोग्रॅमला ३२ बिटचीच डीएलएल चालते. मी २०१० चं पॅकेज टाकलं, एक्स८६ म्हणजे ३२ बिटवालं, रिस्टार्ट केलं, तरी तेच. चहा झाला, अप्पांचे तीन फोन झाले, बाहेर गाड्या उभ्या. मग सुचलं की प्रोग्रॅम आधी स्वतःच्याच फोल्डरमध्ये बघतो, सिस्टीमच्या फोल्डरकडे नंतर जातो. उघडून बघितलं तर भाच्याने ६४ बिटची फाईल तिथेच चिकटवलेली. डिलीट मारली, काटा चालू.

यात एक गंमत लक्षात ठेवा, ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टीम३२ फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाईली असतात आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिटच्या. नावं उलटी वाटतात पण तसंच आहे. म्हणून हाताने कॉपी करूच नका, आणि पॅकेज टाकताना एक्स८६ आणि एक्स६४ (६४ बिटवालं) दोन्ही टाका, विंडोज ६४ बिट असलं तरी.

विंडोजची स्वतःचीच फाईल बिघडली असेल, म्हणजे अपडेट चालू असताना लाईट गेली वगैरे (मे महिन्यात आपल्याकडे काय होतं ते सांगायला नको), तर कमांड प्रॉम्प्ट, म्हणजे कमांड टाइप करायची काळी खिडकी, ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा. आधी डीआयएसएमची रिस्टोअरहेल्थ कमांड, ती संपल्यावर एसएफसी स्कॅननाऊ, ही विंडोजच्या फाईली तपासून बिघडलेल्या बदलते. बरेच जण नुसतं एसएफसी मारतात, पण ते दुरुस्तीचा माल ज्या साठ्यातून घेतं तो साठाच खराब असेल तर काय उपयोग, डीआयएसएम तो साठा नीट करतं. नेट चालू ठेवा, आणि टक्का मधेच थांबला म्हणून खिडकी बंद करू नका.

रेगएसव्हीआर३२ ने, म्हणजे विंडोजमध्ये डीएलएलची नोंद करणाऱ्या कमांडने, रजिस्टर करा असा सल्ला सगळीकडे मिळतो, तो प्रत्येक फाईलला लागू नाही, एमएसव्हीसीआर१०० सारख्यांना तर नाहीच.

एखादी फाईल टाकली आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा गायब झाली तर अँटिव्हायरसची हिस्टरी बघा. क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर असेल तर अँटिव्हायरसने ती उडवली ते बरंच केलं, परत आणायच्या भानगडीत पडू नका.

जागा कमी पडते म्हणून विनएसएक्सएस फोल्डर (वर सांगितलेला दुरुस्तीच्या मालाचा साठा) उडवणारेही येतात, तसं करू नका. तो दिसतो तेवढा मोठा नसतो, त्यातल्या बऱ्याच फाईली सिस्टीममधल्याच असतात, एकाच फाईलची दोन ठिकाणी नोंद. तसंच प्रोग्रॅमच्या यादीत व्हिज्युअल सी प्लस प्लसच्या सहा-सात नोंदी दिसतात म्हणून जुन्या काढू नका, २०१५ च्या आधीच्या प्रत्येक सालाची वेगळी लागते.

आणि दुकानात येणार असाल तर एररचा पूर्ण फोटो काढून आणा, "काहीतरी डीएलएल म्हणतंय" एवढ्यावरून मला काही कळत नाही.